डावं पाऊल उशिरा पडतं

(दुपार. पडदे ओढलेली खोली. टेबलावर संगणक, दोन स्पीकर, समोर दोन खुर्च्या. एका खुर्चीत सून, दारात सासू.)

सासू : नाही म्हटलं ना एकदा? त्या सिनेमाचं तोंडसुद्धा बघणार नाही मी.

सून : तोंड नका बघू, आई. नुसतं ऐका. डोळे मिटून बसलात तरी चालेल.

सासू : या वेळी डोळे मिटले की मला झोप लागते.

सून : मग झोपा. पण दारात उभ्या उभ्या नको, या खुर्चीत झोपा. तुमच्यासाठीच ओढून ठेवलीये.

सासू : गोड बोलून माणसाला जागेवरून कसं हलवायचं, ते तुझ्याकडून शिकावं. आमच्या घरात ही कला नव्हती. तुझे सासरे तर जन्मभर मुक्यासारखे वागले.

सून : मुके? सिनेमावाल्यांत त्यांच्याएवढा आवाज दुसऱ्या कोणी केला नसेल. दार आपटलं तर ते बाबांनी, कपबशी फुटली तर ती बाबांनी, घोडे धावले तर टापा बाबांच्या.

सासू : टापा करवंट्यांच्या. आणि करवंट्या माझ्या स्वयंपाकघरातून पळवलेल्या. कपबश्यासुद्धा माझ्याच. एका मारामारीच्या सिनेमात माझा अख्खा संच कामी आला.

सून : आणि पावलं?

सासू : पावलांचं काय?

सून : शूटिंगच्या वेळी पावलांचा आवाज धड मिळत नाही. म्हणून नंतर बंद खोलीत, पडद्याकडे बघत, कोणीतरी तसंच चालायचं आणि तो आवाज चित्राला जोडायचा. परवा माझ्या मैत्रिणीला सांगितलं, त्या सिनेमात नायिका चालते ना, तिच्या पायात खरं तर माझे सासरे आहेत. मिशा, टक्कल, सगळ्यासकट. तिला खरंच वाटेना.

सासू : टक्कल नंतर पडलं. तेव्हा चांगले दाट केस होते त्यांचे. सांगायचं तर नीट सांगावं.

सून : बघा! राग आहे, पण केसांची बाजू घेताय.

सासू : केसांशी माझं भांडण नव्हतं.

सून : आई, खरंच अडलंय माझं. हा सिनेमा आज संध्याकाळी आमच्या लायब्ररीत चढायचाय. एका जागी आवाजात काहीतरी बिनसलंय. ती चूक आहे की बाबांनी मुद्दाम तसं केलंय, ते मला कळत नाहीये. बाबांना विचारता येत नाही. राहिलात तुम्ही.

सासू : लायब्ररीत चढायचाय म्हणजे? पुस्तकांच्या कपाटात सिनेमा ठेवणार?

सून : कपाट नाही, भिंती नाहीत, काही नाही. ऑनलाइन लायब्ररी आहे ती. लोकांच्या आवडीचे जुने सिनेमे कुठे कुठे कुजत पडलेले असतात, ते शोधायचे, साफसूफ करायचे आणि तिथे ठेवून द्यायचे. ज्याला हवा त्याने हवा तेव्हा घरबसल्या बघावा.

सासू : आणि संपला की दिवे लागतात, लोक पायांनी चपला चाचपतात, ते?

सून : ते नाही. तिथे दिवे लागतच नाहीत. सगळे खेळ कायम चालू असल्यासारखे. कधीही जाऊन बसायचं, कोणी उठवत नाही.

सासू : म्हणजे स्वप्नासारखं म्हण की.

सून : तसंच. जहाजावर काम करणाऱ्या एकाने आम्हाला लिहिलं होतं. म्हणाला, चहूकडे नुसतं पाणी असतं आणि मी बिछान्यात पडून आईच्या आवडीचा सिनेमा लावतो. गाणं आलं की आत कुठेतरी आई गुणगुणतेय असं वाटतं. त्याची आई जाऊन बरीच वर्षं झालीत.

सासू : बास. भरदुपारी रडवतेस की काय? सरक, बसू दे. पण पडद्याकडे पाठ करून बसणार मी. आधीच सांगते.

सून : बसा. पाठ फिरवली तरी कान मिटत नाहीत, एवढं लक्षात असू द्या.

सासू : लाव आता. आणि हा आवाज कसला? काहीतरी तळतंय का?

सून : ती धूळ आहे. फिल्मवर बसलेली धूळ अशी चरचरते. तीच काढायचं काम करते मी. चित्र एका बंद पडलेल्या थिएटरच्या माळ्यावर सापडलं, पण त्या प्रतीचा आवाज पार गेलेला. मग एका शौकिनाच्या घरी दुसरी प्रत मिळाली. तिचं चित्र खराब, आवाज शाबूत. पहिलीचं चित्र आणि दुसरीचा आवाज, असा दोघांचा संसार थाटून दिलाय मी.

सासू : आणि आता पटत नाही दोघांचं.

सून : सगळीकडे पटतं हो, शेवटच्या प्रसंगातच अडतं. पहाट झालीये. नायिका घर सोडून निघते. हातात पेटी, समोर लांबच लांब दगडी गल्ली. गाणं नाही, वाद्यं नाहीत, नुसती पावलं. धुक्यातून चालतेय असं दिसतं. ते धुकं खरं की फिल्म विटून पांढरी झालीये, ते सांगता येत नाही. आणि या इतक्या सुंदर जागी... थांबा, फोन येतोय. हात गुंतलेत माझे, स्पीकरवर टाकते.

लायब्ररीवाले : नमस्कार, नमस्कार! कामात व्यत्यय नाही ना आणत मी?

सून : आणताय, पण बोला. आई, हे आमच्या लायब्ररीचे प्रमुख. सर, माझ्या सासूबाई शेजारी बसल्यात.

लायब्ररीवाले : अरे वा! म्हणजे पावलांच्या घरातल्याच. काकू, नमस्कार. तुमच्या यजमानांचा मी फार जुना चाहता. म्हणजे ते चालत आहेत हे तेव्हा मला ठाऊक नव्हतं, पण चाहता होतो.

सासू : नमस्कार. ठाऊक नसताना चाहते झालात, हे बरं केलंत.

लायब्ररीवाले : हा हा! बरं, ते शेवटच्या प्रसंगाचं. मी पुन्हा पुन्हा पाहिला. सरळ सरळ आवाज घसरलाय हो. पडद्यावर तिचं पाऊल टेकतं आणि आवाज मागाहून येतो. दोन प्रती जोडताना होतं असं. आपल्याकडे फार बारीक नजरेची मंडळी येतात, लगेच लिहितात. तेव्हा ती पावलं सरळ करून टाका आणि संध्याकाळी पाठवून द्या.

सून : सर, आवाज घसरला असता तर दोन्ही पावलं उशिरा पडली असती. इथे उजवं अगदी वेळेवर पडतं. डावंच तेवढं उशिरा येतं, आणि आल्यावर जरा घासतं.

लायब्ररीवाले : डावंच? मग फिल्म आवळली असेल. जुनी झाली की आक्रसते बिचारी. तुम्ही पाऊल थोडं अलीकडे घ्या, घासणं पुसून टाका. कोणाला कळणारसुद्धा नाही.

सून : मला थोडा वेळ द्या. घरात विचारून सांगते.

लायब्ररीवाले : अवश्य. पण संध्याकाळ टळू देऊ नका, एवढीच विनंती. लोक वाट बघताहेत. मीही बघतोय, खरं सांगायचं तर. ठेवतो.

सासू : माणूस बरा वाटला. बोलतो फार, पण बरा वाटला.

सून : आई, तुम्हीच सांगा. बाबा हे काम करत होते तेव्हा तुम्ही घरात होतात. डाव्या पायाचं काही बोलले होते का?

सासू : बोलले? ते? अगं, त्या वर्षी तर त्यांनी मौनच धरलं होतं. त्या बाईच्या पावलांचं काम हातात आलं आणि घर विसरले. जेवता जेवता घास हातात तसाच राहायचा आणि डोळे मिटलेले. मी म्हणायची, मीठ कमी आहे का? तर म्हणायचे, श्श. बायकोला श्श! कानामागून आली आणि तिखट झाली ती नटी.

सून : म्हणून सिनेमा बघितला नाहीत?

सासू : तेवढ्याने नाही. माझ्या रोजच्या चपला घरातून गेल्या. विचारलं तर म्हणाले, कामाला हव्यात. चपला परत आल्या त्या ताणून ताणून होडीएवढ्या झालेल्या. चांभार मला विचारतो, पाहुणे आलेत का कोणी पहिलवान? मला वाटलं, नेऊन दिल्या असतील त्या बाईला. तिचे पाय मोठे असतील.

सून : नटीच्या पायात तुमच्या चपला?

सासू : हसू नकोस. मत्सराला अक्कल असते का? आणि खरं दुखणं वेगळंच होतं. सांगू की नको?

सून : सांगा ना.

सासू : आम्ही बाहेर पडलो की ते माझ्या बरोबरीने चालेनासे झाले. आधी चालायचे. मग त्या वर्षी मागे राहायला लागले. मी पुढे आणि ते चार हात मागे. मी थांबले की तेही थांबायचे. मी म्हटलं, या की पुढे. तर म्हणायचे, तू चाल. लहानपणी कुंपणावरून पडले तेव्हापासून हा माझा पाय असा. लग्न ठरलं तेव्हाही लोक कुजबुजले होते. पण यांनी कधी तोंडातून ब्र काढला नव्हता, म्हणून मी निर्धास्त होते. आणि आता हे मागे राहायला लागले. मनात म्हटलं, झालं. रोज सुंदर बायका चालताना बघतात, आता आपल्याबरोबर चालायची लाज वाटायला लागली.

सून : असं त्यांना विचारलंत?

सासू : विचारायचं काय त्यात? दिसत होतं ना. मी त्यांच्याबरोबर बाहेर जाणंच सोडून दिलं. भाजीला एकटी, दवाखान्यात एकटी. तुझ्या नवऱ्याला शाळेत सोडायला एकटी.

सून : आई...

सासू : थांब, अजून आहे. सिनेमा लागला आणि गाव वेडं झालं. त्याच सुमारास आमच्या गल्लीतल्या पोरी माझी नक्कल करायला लागल्या. चांगल्या धडधाकट पोरी, पण पाय ओढत चालायच्या. एक झाली, दुसरी झाली, मग बसस्टॉपवरची, मग दुकानातली. मी दिसले तरी थांबायच्या नाहीत, इतक्या निर्लज्ज. एकीला मी चप्पल फेकून मारली. ती त्या ताणलेल्या चपलांतलीच. नेमकी लागली.

सून : काय सांगता!

सासू : तिची आई भांडायला आली होती घरी. हे मध्ये पडले नाहीत. कोपऱ्यात बसून हसत होते. तो दिवस आणि हा दिवस. पहिल्या खेळाचा पास आणला होता माझ्यासाठी. म्हणाले, येशील तर बरं होईल. मी गेले नाही. एकटेच गेले, एकटेच आले. मग काही वर्षांनी ते गेलेच. त्या सिनेमाचा विषय आमच्यात पुन्हा निघाला नाही. जाऊ दे. बोलून बोलून घसा कोरडा पडला. पाणी पिऊन येते. तोवर तू तुझं ते काम उरक, मी नसतानाच.

सून : बरं. चित्र बंद करते आणि नुसता आवाज लावते. कान देऊन ऐकायचंय एकदा.

सासू : पाण्याची बाटली कुठे ठेवलीस गं? ओट्यावर नाही.

सून : आई!

सासू : काय झालं?

सून : तुम्ही आत्ता चालायच्या थांबलात का?

सासू : स्वयंपाकघर आलं, म्हणून थांबले. भिंतीतून जाऊ का पुढे?

सून : परत या. म्हणजे इथपर्यंत चालत या. आणि मग पुन्हा जा.

सासू : कवायत घेतेस की काय माझी?

सून : या ना. सावकाश या. तुमच्या नेहमीच्या चालीने.

सासू : नेहमीच्या चालीने? ही आले बघ. झालं समाधान? आत्ताच तुला सगळं मन मोकळं करून सांगितलं, आणि तू माझ्या पायाचा तमाशा मांडलास? तूसुद्धा?

सून : आई, नाही हो! तसं नाही. बसा आधी. रागावू नका, ऐका. मी चित्र बंद केलं होतं. नुसती पावलं ऐकत होते. धूळ काढली, चरचर काढली, तरी पावलांच्या मागे आणखी पावलं ऐकू यायला लागली. म्हटलं हे काय? आवाज दोनदा जोडला गेला की काय? म्हणून स्पीकर बंद केले. तरी पावलं चालूच. तशीच. उजवं नीट, डावं उशिरा. मला क्षणभर भीतीच वाटली. मग तुम्ही पाण्याची बाटली विचारलीत आणि पावलं थांबली.

सासू : काय बोलतेस तू? उन्हात गेली होतीस का?

सून : मी काही बोलत नाही. ऐका. मी नवं काही भरलेलं नाही, हे तेव्हाचंच आहे. लावते. ऐकू येतंय?

सासू : मोठं कर.

सून : करते.

सासू : ती करकर. उजव्या टाचेची. ऐकलीस? ती माझी चप्पल आहे. चांभाराकडून दोनदा खिळा मारून घेतला होता, तरी करकरायची.

सून : ती मी खराबी समजून पुसणार होते.

सासू : गप्प बस जरा. इथे... इथे बघ. एक पाऊल हळू पडलं, मग थांबलं, मग पुढे गेलं. पुन्हा लाव.

सून : हे?

सासू : हो. पडद्यावर ती बाई इथे काय करते?

सून : काहीच नाही. सरळ चालत जाते. तिच्या वाटेत काहीच नाहीये.

सासू : माझ्या वाटेत होता. बाजाराच्या वळणावर एक दगड वर आला होता. मी तिथे डावा पाय आधी चाचपून टाकायची. रोज. तो दगड यांनी तिच्या गल्लीत नेऊन ठेवलाय गं.

सून : आई, पाणी देऊ?

सासू : नको. ही मी आहे.

सून : हो.

सासू : ही बया नुसती दिसते, चालतच नाहीये. मी चालतेय.

सून : हो, आई. तुम्हीच.

सासू : म्हणजे हे मागे राहायचे ते...

सून : ऐकायला. बरोबरीने चाललं की स्वतःच्या पावलांत दुसऱ्याची हरवतात. म्हणून ते मागे राहत असणार. तुम्ही थांबलात की थांबायचे, नाही का? स्वतःचा आवाज नको म्हणून.

सासू : आणि मी मेली लाज लाज म्हणत बसले. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच. आणि त्या पोरी? अगं बाई, त्या पोरी!

सून : त्या तुमचीच नक्कल करत होत्या. पण त्यांना वाटत होतं, आपण नायिकेसारखं चालतोय. कानांनी ऐकलेलं पायात उतरलं त्यांच्या.

सासू : मी चप्पल मारली तिला! कौतुक करत होती कार्टी माझं, आणि मी चप्पल मारली!

सून : तीही सिनेमातलीच चप्पल. तिला कळलं असतं तर जपून ठेवली असती तिने.

सासू : हसवू नकोस मला. मला राग आलाय. खरंच खूप राग आलाय. एवढं सगळं कानांनी गोळा केलंत, दगडसुद्धा सोडला नाहीत, मग सांगायला काय झालं होतं? तोंड शिवलं होतं का? एक वाक्य बोलायचं होतं. अगं, आम्ही एका घरात राहत होतो, एका ताटातलं जेवत होतो. मी शेजारी पडून रडायची आणि हे छताकडे बघत पडायचे. एक वाक्य बोलले असते तर माझी एवढी वर्षं...

सून : बोलले होते की.

सासू : कधी?

सून : येशील तर बरं होईल, म्हणाले ना? तेच होतं ते वाक्य. आई? माझ्याकडे बघा. चुकलं का माझं?

सासू : नाही. तुझं नाही चुकलं. माझ्या पाठीवर जरा हात ठेव. हं. असा.

सून : आपण हे आज राहू देऊ. मी सरांना सांगते, उद्या चढवा.

सासू : तो काय करणार आहे म्हणालीस? पाऊल अलीकडे घेणार?

सून : त्यांचं म्हणणं तसं आहे. डावं पाऊल वेळेवर आणायचं आणि घासणं पुसायचं. एका बटणाचं काम आहे.

सासू : आणि मग मी तिथे राहणार नाही.

सून : मग नटी राहील नुसती. आणि एकदा तसा सिनेमा चढला की लोकांच्या मनात तोच बसतो.

सासू : लाव त्याला फोन.

सून : लागलाय. सर, आई बोलतायत.

लायब्ररीवाले : बोला काकू, बोला. मिळाला का उलगडा?

सासू : ती चूक नाहीये. आमच्या यांनी ते मन लावून, मुद्दाम केलंय. हात लावू नका त्याला.

लायब्ररीवाले : अस्सं? खात्री आहे तुमची?

सासू : त्या पायाची माझ्याइतकी खात्री कोणाला असणार?

सून : सर, मीही जबाबदारी घेते. आवाज जागच्या जागी आहे. प्रत आक्रसलेली नाही, जोड घसरलेला नाही.

लायब्ररीवाले : हं... थांबा हं. मला एक आठवतंय. मी तेव्हा आईचं बोट धरून गेलो होतो हा सिनेमा बघायला. ती गल्लीतून निघाली आणि माझी आई म्हणाली, बघ, हिचा पाय निघत नाहीये घरातून. पडद्यावर तर ती ताठ मानेने चालली होती. मग आईला हे कुठून कळलं, हा प्रश्न मला इतकी वर्षं पडलेला आहे. ते कानांतून कळलं होतं तर! आणि मी तेच पुसायला सांगत होतो. काकू, थोडक्यात वाचवलंत.

सासू : तुमची आई शहाणी होती.

लायब्ररीवाले : होती खरी. मग मी असं करतो, सिनेमाच्या पानावर खाली टीप घालतो. मूळ श्रेयनामावलीत तुमच्या यजमानांचं नावच नाही, ठाऊक आहे ना? आपण लिहू, पावलांचे आवाज यांचे. म्हणजे लोकांना शंका आली तर उत्तर सापडेल. आणि ती चाल? चाल कोणाची म्हणून लिहायचं?

सासू : नाव पूर्ण लिहा त्यांचं. टोपणनाव नको. माझी सून कळवेल तुम्हाला.

लायब्ररीवाले : आणि चालीचं?

सासू : चालीचं काही लिहू नका. ती आमच्या घरातली गोष्ट आहे.

लायब्ररीवाले : बरं. नाही लिहीत. पण मला तरी कळली, हे माझं भाग्य. संध्याकाळी बघतो मी. मोठ्याने आवाज लावून बघतो.

सून : ठेवते, सर. आई, तुमचा मुलगा आला की त्याला सांगायचं का?

सासू : त्याला ऐकव. सांगू नकोस काही. ओळखतो का बघू. लहानपणी माझ्या पावलांवरून ओळखायचा, मी कितपत चिडलेय ते.

सून : ते अजूनही ओळखतो. पळून जातो ना खोलीत.

सासू : आणि ऐक, ही खुर्ची फिरव बरं. मला जड लागते.

सून : पडद्याकडे?

सासू : मग काय भिंतीकडे? बघू तरी कोण आहे ती, जिने माझ्या पायांवर नाव कमावलं.

सून : घ्या. चित्र सुरू करते. शेवटच्याच प्रसंगापासून लावते.

सासू : केवढं पांढरं पांढरं आहे गं. झोपेतून अर्धवट उठल्यावर दिसतं तसं.

सून : डोळे सरावतील. ती बघा, दारातून निघाली.

सासू : सुंदर आहे.

सून : आहे ना?

सासू : आहे बाई. खोटं कशाला बोलू? मान कशी ठेवलीये बघ. मला नाही कधी अशी मान ठेवता आली.

सून : पण पावलं ऐका.

सासू : ऐकतेय. दोघी मिळून एक बाई झालोय आम्ही. मान तिची, पाय माझे. आणि वजन यांचं. ताणलेल्या चपलेतून टाच बाहेर आली असेल त्यांची, तरी बघ कसे जपून चालतायत. माझ्यासारखं चालायला त्यांना किती दिवस लागले असतील गं?

सून : पुष्कळ. बघा, ती आता गल्लीच्या टोकाला आली.

सासू : पावलं थांबली.

सून : हो. ती मागे वळून बघते. लोक या जागी हमखास रडायचे म्हणे.

सासू : काय दिसतं तिला मागे?

सून : काही नाही. रिकामी गल्ली. इथे चित्र संपतं.

सासू : मला एकदाही नाही सुचलं गं. इतकं साधं होतं. वळून बघितलं असतं तर डोळे मिटून चालताना दिसले असते मला ते, भर बाजारात.

सून : पुन्हा लावू का?

सासू : लाव. पण अगदी सुरुवातीपासून लाव, आणि पळवू नकोस कुठे. ते मागून येतायत.